डोहातले म्हातारे शिंपले

पारबते, तुह्या तेरवीले आम्ही बर्फातला मासा वाढला. नागपूरच्या बाजारातून आणलेला, डोळे पांढरे पडलेला, कुठून कुठून ट्रकात बसून आलेला. पंगतीतल्या लोकाइनं पहिल्या घासातच ओळखलं. तुहा भाऊ हात धुता धुता म्हणे, ढिवराच्या घरची तेरवी, नदी दारात, अन् मासोळी दुकानातली, असं कुठं पाहिलं नव्हतं. मी आयकून घेतलं. तू असती तं त्याले असं काही बोलली असती का थो चपला घालायचं विसरून पळाला असता. मले तसं बोलता येत नाही, तुले माहीत आहे.

पण तू रागावू नको. तुले पुरं सांगतो, मंग काय म्हणायचं ते म्हण.

तू आपल्या घरात आली तव्हा तुले पोहता येत नव्हतं. ढिवराची पोरगी अन् पोहता येत नाही, म्हणून सारा टोला हसला. तू म्हणे आमच्या गावात तलाव आहे, नदी नाही, तलावात बाया फक्त भांडे घासते. मी तुही मोठी जाऊ. सासू मले म्हणे, पोहणं राहू दे, हिले पाय शिकव.

अन् मी तुले पाय शिकवले. चैतात कन्हान नदी उतरली का पाणी मांडीपर्यंत राहे. मासोळी माणसाइची अन् शिंपला बायाइचा, असंच होतं आपल्यात. लुगडं खोचायचं, पाण्यात उभं राहायचं, अन् पायाच्या बोटाइनं वाळू चाळायची. खाली पाहायचं नाही. पाऊल हललं का पाणी गढूळ होते, पाहून काय दिसते. मी नवी होती तव्हा खाली पाहिलं का सासू मानेवर एक चापट देये. तुले मी चापट नाही दिली, नुसती हनवटी धरून वर केली. शिंपला वाळूत उभा राहते, तोंड जरासं उघडं ठेवून. त्याच्यावर तळवा पडला का थो मिटते, अन् मिटताना तळव्याले एक बारीक हिसका लागते. तुले पहिल्यांदा लागला तव्हा तू ओरडली, अन् पाण्यात बसली. मंग आठ दिवसात तू माह्यापेक्षा जास्त काढून राहिली.

तळव्यानंच तू जात सांगे. काठच्या चिखलातले लांबट काळे, पंजाएवढे. धारेतल्या गोट्यात जाड, गोल, वजनदार. डोहाच्या बारीक वाळूत हिरवट, पातळ, आतून पाण्यावर तेल पडल्यासारखे चमकणारे. दगडाच्या खाली पाठीवर सुरकुत्या असलेले लहानखुरे. अजूनही होते, ज्याइले नाव नव्हतं, तू त्याइले सासरच्या माणसाइचे नावं ठेवली होती. जाड अन् न उघडणाऱ्याले तू मामंजी म्हणे. सासऱ्याले समजलं असतं तं तुले माहेरी पाठवलं असतं.

आता कोणाले सांगितलं का कन्हानीत शिंपल्याच्या इतक्या जाती होत्या, तं नातवंडं मोबाइलवरून डोळे वर करून पाहते अन् परत खाली करते.

त्या वाईट सालाबद्दल तू बोलत राहे, मी नाही बोलत होती. आज बोलतो.

पाणी पडलं नाही. नदी इतकी बारीक झाली का या थडीहून त्या थडीले बकरी पाय न भिजवता जाये. जाळ्यात काही येत नव्हतं. आपले दोघीचेही माणसं काटोलकडे विहिरी खोदायले गेले, संत्र्याच्या बागा वाळून राहिल्या होत्या तिकडं. घरात सासू, तू, मी, तुहा गजू मांडीवर अन् माही शेवंता चालायले लागलेली. कण्या संपल्या. मंग शिंपलेच. सकाळी शिंपले, सांजच्यानं शिंपले. मोठ्या गंजात उकळायचे, तोंडं उघडली का आतलं काढायचं, पाट्यावर ठेचायचं, मीठ-मिरची लावायची. ठेचूनही चिवट राहे. तू म्हणे, बाई, तुही चप्पल टाकली असती तं लवकर शिजली असती. त्याइचा रस्सा तू पिये, अन् गजूले दूध येये. विहिरीवर गेलो का किसानाच्या बाया आपल्या घागरी बाजूले सरकवे. शिंपलेखाव्या आल्या म्हणे. तू त्याइच्या तोंडावर घागर आपटून ठेवे.

गजू त्या रश्श्यावर जगला. कान मोठे अन् डोकं मोठं, बाकी काही नाही, पण जगला. माह्या शेवंताले शिंपला पचला नाही. तिचं पोट चालू झालं अन् थांबलं नाही. नदीच्या वरच्या अंगाले तिले मातीत ठेवलं. दुसऱ्या दिवशी तू अन् मी परत पाण्यात उभ्या होतो, दुसरं काही खायले नव्हतं.

पारबते, शेवंतावर आपण दोघी कधीच बोललो नाही. तू गजूले माह्या मांडीवर देये. मीही घेये. पण आपलं पुढं जे भांडण झालं, त्याचं मूळ तिथं होतं, हे तुलेही माहीत होतं अन् मलेही.

रेतीचं तुले काय सांगू, तू पाहिलंच. आधी बैलगाड्या येये. मंग ट्रक आले. मंग पोकलेन आली, अन् तिच्या मागं टिप्परची रांग. ती मशीन वाळूत हात घाले अन् नदीचं पोट काढून घेये. वाळूबरोबर शिंपले जाये, जित्तेच. वाळूचे ढीग लागले का त्याच्यात ते उन्हात उघडून पडे, अन् वास सुटे. घाटावरचे लोक म्हणे, मावशी, मच्छी सडली का काय. मच्छी नव्हती ती. नागपूरजवळच्या वाडीले गजूनं भाड्यानं खोली घेतली, गोदामाच्या मागं, तिथं बाहेरची भिंत अर्धी गिलाव्याची. पुढं तू तिथं राहायले गेली अन् तुले भेटायले मी आली, तव्हा त्या भिंतीतून तू नखानं शिंपल्याचा तुकडा काढून माह्या हातावर ठेवला. म्हणे, पाहाय बाई, आपल्या इथलाच असन.

ती मशीन आपल्या वळणाले यायची होती तव्हा तू टोल्यातल्या बायाइले जमा केलं. तू म्हणे, आपण शिंपले काढू अन् वरच्या डोहात नेऊन सोडू. तिथं दोन्ही बाजूनं खडक आहे, टिप्पर उतरत नाही, तिथं कोणी हात लावणार नाही. बाया हसल्या. मी हसली नाही, पण म्हटलं, नदीचं नदी पाहून घेईन, तू कायले मधात पडतं. तू माह्याकडं पाहिलं. तू म्हटलं, "बाई, यानं माहं लेकरू वाचवलं."

माह्या तोंडात आलं होतं. गिळून टाकलं.

तरी मी आली. सगळ्याच आल्या, कामं टाकून. पाण्यात रांग लागली, लुगडे खोचलेले, डोळे वर. घमेल्यात ओलं गोणपाट, त्याच्यात शिंपले, डोक्यावर घमेलं, अन् खडकावरून चढण. माणसं काठावर बसून विड्या पिऊन राहिले होते अन् विचारून राहिले होते का शिंपल्याची वरात कुठं चालली. तू म्हणे, तुमच्या तेरवीले. दिवसामागून दिवस वाहिले आपण. पायाले जितके लागले तितके सगळे नेले. मंग मशीन आली, अन् आपलं वळण गेलं. आता तिथं खड्डा आहे, अन् खड्ड्यात हिरवं पाणी.

वरच्या डोहात ते जगले. हे तुहंच खरं झालं. मी म्हटलं होतं मरतीन, ते मेले नाही. तू दर चैतात जाये अन् येऊन सांगे, बाई, वाळूत रेघा आहे, चालून राहिले. शिंपला चालते हे मले तुह्यापासून समजलं. मी इतकी वर्षं त्याइच्यावर पाय ठेवले, पण रेघ कधी पाहिली नाही, डोळे वर राहे ना.

मंग ती कालेजची पोट्टी आली. जीनपँट घालून, चाळणी घेऊन. तू तिले असं दाखवलं जसं आपलं शेत दाखवून राहिली. मीही होती खडकावर बसून. तिनं शिंपले हातात घेतले, पाठीवरच्या रेघा पाहिल्या, बैलाच्या शिंगावर राहते तश्या, अन् परत ठेवले. मंग चाळणीनं वाळू चाळली, इकडं चाळली, तिकडं चाळली. तिनं विचारलं, आजी, लहान कुठं आहे? तू म्हटलं, असतीन खाली. ती परत चाळायले लागली. दुपार झाली. चाळणीत गोटे आले, काड्या आल्या, लहान शिंपला आला नाही. ती म्हणे, आजी, हे सगळे म्हातारे आहे. याच्यातले काही माह्यापेक्षाही मोठे असतीन वयानं.

तिनंच सांगितलं का शिंपल्याचं लेकरू पिठासारखं बारीक राहते. माय त्याले पाण्यात सोडते. ते मासोळीच्या कल्ल्याले जाऊन चिकटते, काही दिवस तिच्याबरोबर फिरते, मंग वाळूत पडते अन् आपला संसार मांडते. मासोळी नसली तं लेकरू मरते. अन् कोणतीही मासोळी नाही चालत, ज्याची त्याले पाहिजे. तुले इतकं हसू आलं. तू म्हणे, म्हणजे मामाच्या खांद्यावर बसून फिरते अन् मंग उतरून मामालेच विसरते, आपल्या पोराइसारखंच झालं. ती पोट्टीही हसली. मलेही हसू आलं, कायले खोटं बोलू.

ती गेली तव्हा तू हसत नव्हती. तू पाण्यातच उभी होती. मी हाक मारली का चल, ऊन उतरलं. तू खाली पाहून राहिली होती, वाळूकडं, अन् आपल्या पायाकडं.

तू म्हटलं, "बाई, आपण म्हाताऱ्याइलेच उचलून आणलं वं. लहाने पायाले लागलेच नाही."

तसंच होतं ते. लहान शिंपला पायाले लागत नाही, बोटाच्या सांदीतून निघून जाते. सासूच्या सासूपासून आपले पाय लहान्याइले सोडत आले, म्हणून नदी भरलेली राहिली. त्या दिवशीही पायानं लहान्याइले सोडलं, अन् मागून मशीन आली. घाई होती, मशीन येऊन राहिली होती, अन् आपल्याले दुसरी तऱ्हा माहीत नव्हती. कोणाच्याच डोक्यात आलं नाही का खाली वाकून हातानं पाहावं. हात मासोळीले, पाय शिंपल्याले. तुह्या एकटीच्या मनाले ते लागलं. मी म्हटलं, झालं ते झालं. तू दोन दिवस जेवली नाही.

अन् मंग तू डोह बंद केला.

तुहं डोकं असं चाले. मासोळी आली का लेकरं होतीन, म्हणून मासोळी पकडायची नाही. वरच्या डोहात जाळं टाकायचं नाही, गळ टाकायचा नाही. ढिवराच्या टोल्यात. खालची नदी खड्डे झाली होती, वरचा डोह तेवढा राहिला होता जिथं चार मासोळ्या भेटे, अन् तू तोच बंद केला. माणसं चिडले. तुह्या घरावर येऊन बोलले. तू म्हणे, टाका जाळं, मी पाण्यात बसतो, मले ओढून काढा. कोणाची हिंमत झाली नाही, विधवा बाईले पाण्यातून कोण ओढते. खड्ड्यात अडकलेल्या बारीक मासोळ्या तू घागरीत धरून वर नेये अन् सोडे. गुडघे दुखे तुहे, तरी चढे.

तव्हा आपलं भांडण झालं. मी म्हटलं, पारबते, शिंपल्यासाठी तू माणसाइच्या पोटावर पाय देऊन राहिली. तू म्हटलं, पाच वर्षं थांबा, मंग सगळ्याइले मासोळी भेटीन. मी म्हटलं, कोण थांबते इथं. टोल्यात पाहाय, पोट्टे वाडीले गेले, गोदामात गेले, ट्रकवर गेले. इथं आपण म्हाताऱ्या बसलो आहो. तुह्या डोहात लहाने होत नाही अन् टोल्यात तरी कुठं होऊन राहिले. तू म्हटलं, म्हणून त्याइचं तरी होऊ द्या.

मी म्हटलं, त्याइचं देणं तुह्यावर असन, माह्यावर काही नाही.

तुले समजलं मी काय म्हटलं. शेवंताचं नाव न घेता मी नाव घेतलं होतं. पुरा पावसाळा तू माह्या दारात आली नाही. मीही तुह्या दारात आली नाही. ते मी अजून मागं घेत नाही, पारबते. ते खरं होतं. तुहंही खरं होतं. त्याच्यावर तुह्या-माह्यात निवाडा झालाच नाही, अन् आता होत नाही.

पावसाळा गेल्यावर तू आली, कढी घेऊन आली, अन् चुलीजवळ बसली जसं काही झालंच नाही. म्हणे, तुह्या कढीले मीठ कमी राहते म्हणून माही आणली. झालं.

मंग तुले दम लागायले लागला. खडक चढता येईना. गजू आला अन् तुले वाडीले घेऊन गेला. मोठ्या दवाखान्यात दाखवलं, आत ठेवलं, बाहेर काढलं, परत आत ठेवलं. मी बसनं आली होती तुले पाहायले. गजूच्या खोलीत तुह्या खाटेजवळ बसली. बाहेर ट्रक मागं घेऊन राहिले होते, त्याइचा तो आवाज दिवसभर चालू. तू म्हणे, इथं नदीचा आवाज येत नाही, याचाच येते. तू मले डोहाचं विचारलं. मी म्हटलं, पाणी आहे. जाळं? नाही टाकलं कोणी. मासोळी? दिसते. मंग तू थांबली, दम घेतला, अन् विचारलं, लहानसं?

मी म्हटलं, पाहिलं नाही.

तुले वाटलं असन बाई मुद्दाम पाहत नाही. मुद्दामच नव्हती पाहत. तू माहा हात धरला. तुहा हात वाळक्या काडीसारखा झाला होता. तू म्हटलं, "हातानं पाहाय, बाई. पायानं नको पाहू."

हेच शेवटचं झालं आपल्यात. लोक शेवटी लेकराचं बोलते, देवाचं बोलते. तू गेली, तुले घरी आणलं, तव्हा मी सगळ्याइले सांगितलं का तिनं गजूचं नाव घेतलं होतं. गजूले तसं वाटू दे म्हणून.

आता तेरवीचं. आपल्यात सुतक उतरवते ते घरच्या जाळ्याच्या मासोळीनं, नदीच्या मासोळीनं. पोरानं जाळं टाकायचं, त्या मासोळीचं कालवण पंगतीत वाढायचं, तव्हा घराचं तोंड उघडते. सासूचं तसं केलं, तुह्या माणसाचं तसं केलं, माह्या माणसाचं तसं केलं. दहाव्याच्या दुसऱ्या दिवशी टोल्यातले माणसं ओट्यावर बसले अन् बोलायले लागले का खालच्या खड्ड्यात काय भेटीन, वरच्या डोहात टाका जाळं. इतके दिवस बंद होता, भरला असन. अन् तिचाच डोह आहे, तिच्याच तेरवीले नाही टाकायचं तं कधी टाकायचं. वाईट मनानं नाही म्हटलं कोणी. गजूही म्हणे, आईचा डोह आईच्या कामाले येऊ दे. त्याचे डोळे लाल होते. वाडीच्या गोदामात पोते उचलून उचलून त्याचा हात जाळ्याले परका झाला होता, तरी त्यानं बापाचं जाळं माळ्यावरून काढलं, उसवलेलं शिवलं, शिसं बांधलं.

मी घरात बसून आयकून राहिली होती. तुले खरं सांगू, मलेही आधी बरोबरच वाटलं. मीच तं म्हणत होती का जाळं पडू द्या. माह्या मनासारखंच होऊन राहिलं होतं, अन् तू नाही म्हणायले नव्हती. भाकर थापता थापता मले हेच टोचलं. तू नाही म्हणायले नव्हती.

सकाळी गजू जाळं घेऊन निघायच्या आधी मी चढली. कशी चढली विचारू नको, बसत बसत, हाताइनं दगड धरत. डोहाले एकच तो सपाट दगड आहे जिथून जाळं उघडते, बाकी खडकात फाटते. त्या दगडावर मी बसली, पाय पाण्यात सोडून.

गजू आला. मागून दोघं-तिघं आले. मले पाहून ते तिथंच थांबले, वर. गजू खाली आला, खांद्यावर जाळं.

थो म्हणे, मोठीमाय, उठ. पाय ओले करून राहिली, ताप येईन.

मी म्हटलं, येऊ दे.

थो समजावत राहिला. आईनं माह्या हातची मासोळी कधी खाल्ली नाही म्हणे, मी कधी नदीत उतरलोच नाही, वाडीलेच राहिलो. एकदा तरी आईच्या नावानं जाळं टाकू दे. हे आयकून मले लागलं. तो तुहा पोरगा, तुह्या रश्श्यावर जगलेला, अन् माह्या मांडीवर वाढलेला. त्याले नाही म्हणणं सोपं नव्हतं.

मी म्हटलं, "गजू, तुह्या मायनं या डोहात जाळं पडू नाही दिलं. आता ती बोलू शकत नाही, म्हणूनच तू टाकून राहिला ना?"

थो उभाच राहिला. मंग खाली बसला, माह्या बाजूले, जाळं मांडीवर घेऊन. वरून एकानं आवाज दिला का काय झालं. गजू जाळ्याचं शिसं बोटानं चाचपून राहिला होता. म्हणे, लोक काय म्हणतीन, मोठीमाय.

मी म्हटलं, "म्हणतीन. मी आयकीन."

थो उसनी गाडी घेऊन नागपूरले गेला अन् इतवारीच्या पलीकडून, कुठून तरी, मासोळी घेऊन आला. थर्माकोलचा डबा, बर्फाचं पाणी गळून राहिलं होतं. बायाइनं कापली, नाक मुरडत. मी मसाला वाटला, जास्त वाटला, वास झाकायले. पहिला घास गजूनं घेतला, सगळ्याइच्या समोर. बाकी तुह्या भावानं काय म्हटलं ते आधीच सांगितलं. दुसरे काय म्हटले ते सांगत नाही, तू उगाच चिडशीन.

तेरवीच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी डोहात उतरली. तुह्यासाठी नाही, खरं म्हणजे कोणासाठी ते मलेही सांगता येत नाही. तुह्या शेवंताच्या जागेवरूनच वाट जाते. तुह्या म्हणजे माह्या. आता काय फरक आहे. तिथं जरा थांबली अन् खाली गेली. पाण्यात बसली, गळ्यापर्यंत पाणी, अन् हात वाळूत घातला. जन्मात पहिल्यांदा. हाताले वाळू वेगळीच लागते, पारबते. पायाले ती एक वाटे, हाताले कण कण लागते. इतके वर्षं नदीत राहिली अन् हे माहीत नव्हतं.

गजू वाडीले जायच्या आधी मले शोधत आला. ड्यूटीचे कपडे घालून आला होता. मले पाण्यात पाहून भ्याला, त्याले वाटलं पडली. मी म्हटलं शोधून राहिली. काय, म्हणे. मी म्हटलं, तुही माय जे शोधत होती. त्यानं पँट वर केली अन् उतरला. माणसाइनं कधी शिंपला शोधला नाही आपल्यात, त्याले काही येईना. मी दाखवलं, बोटं पसरायचे, हळू वाळू उचलायची, गळू द्यायची, काय उरते ते पाहायचं. थो त्या बाजूनं, मी या बाजूनं. त्याची बस चुकली. ऊन खडकावर चढलं. त्याच्या हाताले एक मोठा लागला, काळा, लांब, पाठीवर घासून पांढरा झालेला. त्यानं विचारलं, जित्ता आहे का? इतक्यात थो त्याच्या बोटावर मिटला. गजूनं बोट सोडवलं नाही. तसाच धरून उभा राहिला, थो आपणच सोडेपर्यंत. मंग वाळूत ठेवला.

पारबते, तू विचारलं होतं म्हणून सांगतो. लहानसं एकही नाही. खोटं सांगून तुले काय मिळीन. म्हातारे आहे, तेही कमी झाले, बरेच उघडे पडले आहे, आत वाळू भरली आहे. खालची मशीन आता एकच वळण दूर राहिली आहे, तिचा आवाज डोहात आयकू येते. मासोळी आहे, बारीक बारीक, ती कोणती ते मले माहीत नाही, शिंपल्याच्या लेकराइले चालते का नाही तेही माहीत नाही. ती पोट्टी परत आली तं विचारीन.

आम्ही वर आलो तव्हा दोघं जण जाळं घेऊन खडकाजवळ उभे होते. तेरवी झाली, आता काय हरकत आहे, असं त्याइचं म्हणणं. मी बोलायले तोंड उघडलं, पण दम नव्हता. गजूच्या कपड्याइतून पाणी गळून राहिलं होतं. थो त्याइच्याकडं न पाहता चपला घालून राहिला होता.

म्हणे, डोह बंद आहे.